अडलेला गेम आणि चादरीचा पुठ्ठा
हातातला गेम लोड होताना गोठला की दोष यंत्राचा की गेमच्या कार्डाचा? सोलापूरच्या चादरीच्या मागावर हा प्रश्न फार जुना. 1804च्या सुमारास फ्रान्समध्ये आलेल्या जकार्ड या मागावरच्या यंत्रणेत नक्षी छिद्रांच्या पुठ्ठ्यांवर असते; छिद्र असेल तिथे ताण्याचा धागा उचलला जातो. पुठ्ठा फाटला तर चूक पुठ्ठ्यांच्या माळेच्या प्रत्येक फेरीत त्याच जागी उमटते, धागा उचलणारा हूक बिघडला तर लांबीभर सलग उतरते. माग चुकीचे का होईना विणत राहतो, गेम थांबतोच, असा आक्षेप कुणी घेईल. खरे आहे, पण निदानाची रीत तीच: एकच गेम अडला तर दोष बहुधा कार्डाचा, सगळेच अडले तर वाचणाऱ्या भागाचा. जुन्या गेमच्या कॅसेटवर फुंकर मारायची सवय मात्र वायाच. गुण येतो तो काढून पुन्हा बसवल्याने, फुंकरीच्या ओलीने कॅसेटच्या धातूच्या पट्ट्या गंजतात.