संसाराचे धडे : मराठी ग्रंथांतील घर

मराठी पुस्तकांच्या कोणत्याही बऱ्याशा दुकानात शिरावे, तर सुखी सहजीवन, सुजाण पालकत्व, मुलांवरील संस्कार, सासू-सुनेचे नाते अशा विषयांना वाहिलेली एक फळी तेथे हमखास आढळते. लग्नाच्या आहेरात अशी पुस्तके देण्याचीही प्रथा पडली आहे. संसार करण्यासाठी पुस्तक वाचावे लागते, ही कल्पना आता कोणालाच नवी वाटत नाही. परंतु ती आपल्याकडे आली केव्हा? अशी पुस्तके कोणी लिहिली, कोणासाठी लिहिली, आणि त्यांतील कोणती मराठी घरात खऱ्या अर्थाने रुजली? इतिहासाच्या अंगाने या प्रश्नांकडे पाहिले तर आजच्या कुटुंबांनाही उपयोगी पडेल असे काही हाती लागते, असे मला वाटते.

छापखाना येण्यापूर्वी संसाराचे शिक्षण घरातच मिळत असे. सासरी नांदावे कसे, हे मुलगी आजीकडून आणि जात्यावरच्या ओव्यांतून शिके. पुरुषांना कीर्तन-पुराणातून चार शब्द ऐकायला मिळत. समर्थ रामदासांनी दासबोधात मूर्खाची लक्षणे सांगताना घरातील वागणुकीवरही नेमके बोट ठेवले आहे. तथापि घरसंसार हा स्वतंत्र ग्रंथाचा विषय होऊ शकतो, असे तेव्हा कोणाच्या मनात आले नसावे.

एकोणिसाव्या शतकात दोन गोष्टी घडल्या. १८२४ साली अमेरिकन मिशनने मुंबईत मुलींची शाळा उघडली आणि १८४८ मध्ये जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी पुण्यात ते कार्य हाती घेतले. लिहिता-वाचता येणाऱ्या स्त्रियांची एक लहानशी पिढी तयार होऊ लागली. दुसरीकडे कचेरी, शाळा, रेल्वे यांतील नोकऱ्यांमुळे तरुण जोडपी मोठ्या एकत्र कुटुंबातून बाहेर पडून शहरात बिऱ्हाड करू लागली. सल्ला विचारायला आजी जवळ नव्हती आणि वाचणारी गृहिणी मात्र घरात होती. पुस्तकाची गरज अशी निर्माण झाली. १८५७ मध्ये बाबा पदमनजी यांनी ‘यमुनापर्यटन’ लिहिले. विधवांची दुःस्थिती दाखविणारी ही कादंबरी. परंतु तिच्यात पती आणि पत्नी एकत्र प्रवास करतात, पाहिलेल्या गोष्टींविषयी एकमेकांशी बोलतात. नवराबायकोने असा संवाद करावा, हे त्या काळी नवीनच होते.

संसारावर प्रत्यक्ष उपदेश करणारे महत्त्वाचे पुस्तक आले १८८२ साली : पंडिता रमाबाईंचे ‘स्त्रीधर्मनीति’. लेखिकेचे वय तेव्हा अवघे चोवीस वर्षांचे. त्याच वर्षाच्या आरंभी तिचे पती बिपिन बिहारी मेधावी कॉलऱ्याने निवर्तले होते आणि कडेवर वर्षाची मनोरमा होती. विद्या, स्वावलंबन, विनय, विवाह, गृहकृत्ये, बालसंगोपन असे विषय घेऊन तिने मराठी स्त्रियांना मार्गदर्शन केले. बालविवाह नको, मुलाचे पालन अज्ञानाने होऊ नये, हे तिने आग्रहाने सांगितले. पुस्तकाच्या विक्रीतून आलेला पैसा तिच्या १८८३ मधील इंग्लंडच्या प्रवासाला उपयोगी पडला. विशेष हे, की घर कसे ठेवावे हे सांगणाऱ्या रमाबाईंच्या बालपणाला स्थिर घर असे ठाऊकच नव्हते. वडील अनंतशास्त्री डोंगरे पुराणे सांगत कुटुंबासह तीर्थोतीर्थी हिंडत. १८७४ ते १८७७ या दुष्काळाच्या काळात आईवडील गेले. परंतु त्याच वडिलांनी, लोकांचा रोष पत्करून, पत्नीला संस्कृत शिकविले होते आणि आईने ती विद्या मुलीला दिली होती. रमाबाईंना घर लाभले ते भिंतींचे नव्हे, तर शिकविणाऱ्या आईबापांचे.

तथापि या पुस्तकाची एक मर्यादा आज स्पष्ट दिसते. त्याचा सारा उपदेश स्त्रीला उद्देशून आहे. घर बिघडले तर तिच्या अज्ञानाने बिघडले, सुधारायचे तर तिने सुधारावे, असा त्याचा सूर आहे. योगायोग असा, की याच १८८२ साली बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्रीपुरुषतुलना’ हे छोटे पुस्तक पुण्यात छापले गेले. सुरत येथील विजयालक्ष्मी नावाच्या तरुण विधवेला भ्रूणहत्येबद्दल शिक्षा झाली आणि त्या निमित्ताने वृत्तपत्रांतून समस्त स्त्रीजातीला दूषणे दिली गेली. त्यामुळे संतापून ताराबाईंनी लेखणी उचलली. जे दोष तुम्ही स्त्रियांच्या माथी मारता ते पुरुषांत नाहीत काय, हा त्यांचा सडेतोड प्रश्न. पतिव्रतेची कर्तव्ये सर्वांना पाठ आहेत. पतीची कर्तव्ये कोठे लिहिली आहेत? जोतीरावांनी ताराबाईंची बाजू घेतली; पण एरवी त्यांच्या वाट्याला टीकाच आली, आणि पुढे कित्येक दशके ते पुस्तक विस्मृतीत गेले. ‘स्त्रीधर्मनीति’ने घर कसे असावे ते सांगितले, ‘स्त्रीपुरुषतुलना’ने ते तसे का नाही, हे विचारले. कुटुंबाविषयीच्या साहित्याला या दोन्ही आवाजांची गरज होती. समाजाने त्यांतील एकच ऐकून घेतला.

यापुढे मराठीत एक निराळाच प्रवाह सुरू झाला. उपदेश मागे पडला आणि आठवणी पुढे आल्या. १९१० मध्ये रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ प्रसिद्ध झाले. १८७३ साली अकरा वर्षांची ही मुलगी न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्या घरात आली. बत्तिशीच्या सुमारास असलेल्या पतीने तिला लगोलग अक्षरओळख करून देण्यास प्रारंभ केला. घरातील वडीलधाऱ्या स्त्रियांना हे रुचले नाही. दिवसा त्यांचे टोमणे आणि रात्री पतीजवळ धडे, अशा कात्रीत सापडलेल्या मुलीने एकाही माणसाला शत्रू न मानता ते दिवस कसे काढले, याची ही हकिकत आहे. सहजीवनाची सूत्रे यात कोठेही क्रमवार दिलेली नाहीत. परंतु शिकविताना पतीने किती धीर धरावा आणि घरातील मोठ्यांचा मान राखून आपला मार्ग कसा चालावा, हे वाचक आपोआप शिकतो.

याहूनही पुढचे पाऊल लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रां’नी टाकले. त्यांचा पहिला भाग १९३४ साली निघाला. १९३६ मध्ये लक्ष्मीबाईंचे निधन झाल्यावर उरलेला मजकूर मुलाने प्रकाशात आणला. नारायण वामन टिळकांनी १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत बाप्तिस्मा घेतला आणि पतिपत्नींची ताटातूट झाली. काही वर्षे लक्ष्मीबाई मुलाला घेऊन वेगळ्या राहिल्या. नात्याचा धागा मात्र तुटला नाही. पुढे त्या स्वतः होऊन परत आल्या आणि १९०० साली, स्वतःच्या विचाराने, त्यांनी बाप्तिस्मा घेतला. टिळकांचा तापट स्वभाव, त्यांचे अकस्मात घर सोडून जाणे, हाती आलेला पैसा वाटून टाकणे, यांतले काहीच त्यांनी झाकले नाही. आणि तरीही साऱ्या पुस्तकावर पतीविषयीच्या प्रेमाची आणि हास्याची सावली आहे. भांडणे लिहूनही घराची अब्रू जात नाही, उलट वाढते, हे या बाईने मराठीला दाखविले.

सानेगुरुजींनी ‘श्यामची आई’ १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिली. १९३५ मध्ये ती प्रसिद्ध झाली. बेचाळीस रात्रींत विभागलेल्या या कथेतील आई कर्जाने वाकलेल्या कोकणी घरातली आहे. पोहायला घाबरणाऱ्या मुलाला ती फोकाने मारून विहिरीवर पाठविते. पायाला घाण लागू नये म्हणून जपणाऱ्या मुलाला मनही तसेच जपायला सांगते. पिढ्यान्‌पिढ्या मराठी मुले हे पुस्तक वाचून रडली आहेत. मात्र त्यातील वडील बरेचसे मागे, देण्याघेण्याच्या आणि कोर्टकज्ज्यांच्या धांदलीत आहेत. मराठी मनाने आईला ग्रंथाच्या केंद्रस्थानी बसविले. बापाची जागा रिकामीच राहिली.

ती जागा कोणी भरली नाही, असे मात्र नाही. शेजारच्या गुजरातेत गिजुभाई बधेका नावाचे एक वकील होते. १९१३ मध्ये त्यांना मुलगा झाला आणि त्याला वाढवावे कसे या चिंतेने त्यांनी मारिया मॉन्टेसरी यांचे विचार वाचले. रोममधील सान लोरेन्झो या गरीब वस्तीत १९०७ साली मॉन्टेसरीबाईंनी ‘बालकांचे घर’ उघडले होते. गिजुभाईंनी वकिली सोडली, १९२० मध्ये भावनगरला बालमंदिर काढले आणि आईबापांसाठी सोप्या भाषेत पुस्तके लिहिली. मुंबईत जन्मलेल्या ताराबाई मोडक भावनगरला त्यांच्या सहकारी झाल्या. मराठी ‘शिक्षणपत्रिके’तून त्यांनी तो विचार आपल्या घरांत आणला आणि १९४५ साली बोर्डी येथे व १९५७ पासून कोसबाडला अनुताई वाघांसह आदिवासी मुलांपर्यंत नेला. मूल हे आपल्या हुकमाचे ताबेदार नसून स्वतःच्या बळावर वाढणारा जीव आहे, ही त्यांची शिकवण. आणि लक्षात ठेवण्याजोगे हे, की या साऱ्या कार्याचे बीज एका बापाच्या वाचनात होते.

येथे आपल्या परंपरेतील एका फार जुन्या पुस्तकाची आठवण होते. संत योहान क्रिसोस्तम यांनी चौथ्या शतकाच्या अखेरीच्या सुमारास आईबापांनी मुले कशी वाढवावीत यावर एक छोटा ग्रंथ लिहिला. मुलाचे मन म्हणजे नवे वसविलेले नगर, डोळे, कान, जीभ ही त्याची द्वारे, आणि बाप त्या नगराचा कायदे घालून देणारा राजा, असे रूपक त्यांनी योजले आहे. परंतु मला मोलाची वाटते ती त्यांनी सांगितलेली रीत. बापाने संध्याकाळी जेवताना मुलाला काईन व हाबेल यांची गोष्ट सांगावी. आईनेही त्यात भाग घ्यावा. काही दिवसांनी मुलाकडून ती वदवून घ्यावी. नंतर ती गोष्ट चर्चमध्ये वाचली जाईल तेव्हा त्याला बरोबर न्यावे. ‘ही मला ठाऊक आहे’ म्हणून ते मूल आनंदाने उडी मारील. क्रिसोस्तम तान्हे असतानाच त्यांचे वडील वारले आणि तरुण विधवा आईने, अँथूसाने, त्यांना वाढविले. बापाने काय करावे हे बाप न लाभलेल्या माणसाने लिहिले, आणि संसाराच्या गोष्टी एका ब्रह्मचाऱ्याने सांगितल्या! ‘फादर, तुम्हाला घरातले काय कळणार?’ असे हसत विचारणाऱ्या माझ्या धर्मग्रामातील गृहस्थांना मी क्रिसोस्तमांचेच नाव सांगतो.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६४ साली कुटुंबाला घरातील ख्रिस्तसभा म्हटले आणि मुलांना श्रद्धा सांगण्याचे पहिले काम आई व बाप या दोघांकडे सोपविले. पोप फ्रान्सिस यांनी २०१६ मधील ‘आमोरिस लेतीत्सिया’ या पत्रात आजच्या घरात बाप अनेकदा अनुपस्थित असतो, कधी देहाने तर कधी मनाने, याकडे लक्ष वेधले आहे. १८८२ साली ताराबाई शिंद्यांनी विचारलेला प्रश्न आणि हे निरीक्षण यांत मला फार अंतर दिसत नाही. नोकरीसाठी आखातात गेलेला बाप निरुपायाने दूर असतो. घरात बसून कोणाशी न बोलणारा बाप मात्र स्वतःहून दूर झालेला असतो.

या इतिहासातून निघणारा बोध साधा आहे. नुसत्या नियमांच्या पुस्तकांनी घरे फारशी बदलली नाहीत. खरे घर जसे होते तसे सांगणाऱ्या पुस्तकांनी ती हलविली. कारण नियम वाचताना आपण शेजाऱ्याचा विचार करतो, आणि ‘स्मृतिचित्रे’ वाचताना स्वतःचा. म्हणून लग्न ठरलेल्या मुलामुलींनी मार्गदर्शन वर्गातील टिपणांसोबत लक्ष्मीबाई व रमाबाई रानडे यांची पुस्तके एकत्र वाचावीत, आणि ती मुलाने आधी वाचावीत, असे मी सुचवीन. आणि ज्या घरात मुले आहेत तेथे बापाने आठवड्यातून एक रात्र क्रिसोस्तमांची रीत करून पाहावी. गोष्ट बायबलमधील असो वा आपल्या आजोबांची, जेवताना ती त्याने स्वतःच्या तोंडाने सांगावी, आणि पुढच्या आठवड्यात मुलाकडून ऐकावी.