तकाशी शिमुरा: कामात राहिलेला नट

मंडळी, युद्धोत्तर जपानी सिनेमा म्हटला की आपल्या तोंडी पहिलं नाव येतं अकिरा कुरोसावांचं आणि पाठोपाठ तोशिरो मिफुनेचं. पण कुरोसावांच्या ३० चित्रपटांपैकी मिफुने १६ मध्ये आहे आणि तकाशी शिमुरा २१ मध्ये. तरी त्यांचं नाव आपल्याला जरा उशिरानंच आठवतं. असं का, एवढाच आज आपला प्रश्न आहे.

शिमुरांचा जन्म १९०५ चा. १९४३ मध्ये कुरोसावांच्या पहिल्याच चित्रपटात, ऐन अडतिशीत, त्यांनी जुजुत्सूचा उतारवयातला गुरू केला. तरुण नायकाचं वय त्यांच्या वाट्याला आलंच नाही म्हणा ना! 'ड्रंकन एंजल' (१९४८) मध्ये ते दारुड्या डॉक्टर, 'स्ट्रे डॉग' (१९४९) मध्ये मुरलेले पोलीस अधिकारी. दोन्हीकडे समोर मिफुने. तो भडकतो, धावतो. शिमुरा त्याच्याकडे बघतात, त्याचं ऐकून घेतात. हे ऐकणं आपल्या लक्षात राहत नाही, पण मिफुनेचा ताप आपल्याला जाणवतो तो त्या ऐकण्यामुळेच.

मग १९५२ चा 'इकिरू'. नगरपालिकेतला एक विभागप्रमुख, तीसेक वर्षं कागदांवर शिक्के मारत बसलेला. पोटाचा कर्करोग झाल्याचं कळतं आणि मरण्यापूर्वी तो वस्तीतल्या मुलांसाठी एक बाग उभी करून घेतो. पण गंमत बघा: गोष्ट बरीच शिल्लक असतानाच कुरोसावा नायकाला मारून टाकतात! पुढे उरतो त्याचा फोटो, त्यासमोर बसून दारू पिणारे सहकारी आणि त्यांच्या आठवणीत तुकड्यातुकड्यांनी दिसणारा तो.

१९५४ मध्ये शिमुरा 'सेव्हन सामुराई'चे म्होरके कांबेई झाले. एका मुलाला सोडवण्यासाठी कांबेई आपली शेंडी उतरवतो, म्हणजे सामुराईची प्रतिष्ठाच खाली ठेवतो. त्याच वर्षी, त्याच तोहो कंपनीच्या 'गोडझिला'त ते जीवाश्मतज्ज्ञ डॉ. यामाने होते. कुठल्याही नटानं इथे आपला भाव वाढवला असता. शिमुरा मात्र पुन्हा छोट्या भूमिकांकडे वळले. 'योजिम्बो' (१९६१) मध्ये ते गावातले एक मद्यव्यापारी आहेत. 'कागेमुशा' (१९८०) मध्ये तर परदेशी आवृत्तीतून त्यांचा प्रसंगच कापला गेला होता. १९८२ मध्ये ते गेले.

आता तत्त्वज्ञानाचा माणूस म्हणून आम्हाला एक शंका छळते. कंपनीनं दिलेली भूमिका वर्षानुवर्षं करत राहणं, हेही शिक्के मारणंच नव्हे का? बाहेरून दोन्ही सारखंच दिसतं, हे मान्य करायला हवं. फरक पडतो तो समोरच्या माणसामुळे. शिक्का मारणारा कागद पुढे सरकवतो; समोर कोण उभं आहे हे त्याला बघावं लागत नाही. शिमुरा दोन मिनिटांच्या प्रसंगातही समोरच्याकडे बघतात.

आमचीही पस्तीसेक वर्षं वर्गात गेली, मंडळी. त्यातल्या किती तासांना आम्ही समोर बघितलं, हा हिशोब आम्हाला अजून जमलेला नाही.