लापुटा

लापुटा हे जोनाथन स्विफ्ट या आयरिश लेखकाच्या 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स' (१७२६) या कादंबरीच्या तिसऱ्या भागातील काल्पनिक बेट आहे. ते चुंबकशक्तीच्या बळावर हवेत तरंगते.

रचना व गती

सुमारे साडेचार मैल व्यासाच्या या वर्तुळाकार बेटाचा तळ वज्रासारख्या कठीण पाषाणाचा आहे. मध्यभागीच्या गुहेत सहा यार्ड लांबीचा लोहचुंबक आसावर बसवलेला आहे. त्याचे आकर्षक टोक खाली वळवल्यास बेट उतरते, प्रतिसारक टोक वळवल्यास चढते आणि चुंबक आडवा ठेवल्यास जागीच थांबते. चार मैलांपलीकडच्या उंचीवर व खालच्या बाल्निबार्बी राज्याच्या सीमेबाहेर ही शक्ती चालत नाही.

सत्ता व मर्यादा

बंडखोर नगरावर बेट थांबवून राजा तेथील ऊन-पाऊस अडवतो, वरून दगडांचा मारा करतो. बेटच नगरावर आदळणे हा त्याचा अखेरचा उपाय होय. परंतु नगरातील उंच खडक वा मनोऱ्यांमुळे तळास तडा गेल्यास चुंबक बेटाला तोलू शकणार नाही आणि ते कोसळेल, या भीतीने राजा कचरतो. लिंडालिनोच्या नागरिकांनी चुंबक बसवलेले चार मनोरे उभारून त्याला नमवले. हा मजकूर प्रथम १८९९ मध्ये छापला गेला. इंग्लंडच्या आयर्लंडवरील सत्तेचा तो उपहास मानला जातो. लिंडालिनो म्हणजे डब्लिन.