रझाकाराचं साल

पुण्याहून हैदराबादला निघालं की सोलापूरनंतर तासाभरात नळदुर्ग लागतं. पावसाळ्यात आपण तिथे कशाला जातो? नर-मादी धबधब्याचे फोटो काढायला. मीही त्यासाठीच गेलो होतो, पण या वेळी आजी सोबत होती. ती किल्ल्यात आलीच नाही, बोरी नदीकडे बघत गाडीतच बसून राहिली.

शाळेत आपल्याला 15 ऑगस्ट 1947 पाठ असतो. नळदुर्ग मात्र तेव्हा निजामाच्या राज्यात, आणि सोलापूर भारतात. म्हणजे आजीच्या गावापासून स्वातंत्र्य बैलगाडीच्या अंतरावर! मधे रझाकार. त्यांचा पुढारी कासीम रझवी लातूरचा वकील, म्हणजे तसा आपल्याच भागातला.

1948 च्या उन्हाळ्यात आजी 8 वर्षांची होती. शेजारच्या गावात जाळपोळ झाली आणि घरात ठरलं, बायका-पोरं सोलापूरला मावशीकडे. पणजोबा मागे राहिले. गुरं होती, पेरणी तोंडावर आलेली. रात्री निघताना बैलांच्या गळ्यातली घुंगरं काढली. कुठल्या वाटेला रझाकारांचा पहारा नाही, हे शेजारच्या चाचांनी सांगितलं. हो, चाचा मुसलमान. आजी हे दरवेळी मुद्दाम सांगते.

13 सप्टेंबरला भारतीय फौजा सोलापूरकडून शिरल्या. बोरीवरचा पूल उडवला जायच्या आत ताब्यात घेतला आणि पहिली लढाई नळदुर्गलाच झाली. 17 तारखेला निजामाने हार मानली. हे सगळं दरवर्षी भाषणांत असतंच.

नंतरचं नसतं. पंडित सुंदरलाल समितीने त्याच वर्षाअखेर दौरा केला. पोलीस ॲक्शनच्या वेळी आणि त्यानंतर संस्थानात 27 ते 40 हजार माणसं मारली गेली असा तिचा अंदाज, बहुतेक मुसलमान. सर्वांत जास्त झळ बसलेल्या 4 जिल्ह्यांत उस्मानाबाद, म्हणजे आताचा धाराशिव. अहवाल कित्येक दशकं दाबून ठेवला होता. असो.

आजी दिवाळीनंतर परतली. घर शाबूत होतं. शेजारचं जळलेलं. चाचा कुठे, विचारल्यावर पणजोबा म्हणाले, "गेले." मेले की निघून गेले, ते मरेपर्यंत सांगितलं नाही. चाचांचा नांगर मात्र आमच्या गोठ्यात होता.

"तो आपल्याकडे कसा आला, आजी?"

"चल बाबा, पाऊस यायलाय," ती म्हणाली.