लैला हे नाव कोणाचे?

मध्यंतरी आमच्या नात्यातल्या एका घरी मुलगी जन्मली. आईबापांनी ‘लैला’ हे नाव पसंत केले. आजी मात्र रुसल्या. “हे तर अरबांचे नाव! आपल्यात राहेल, लेआ, रिबका काय थोड्या आहेत?” बाळाचे नाव ठेवण्याआधीच मंडळींनी नावे ठेवली! आमचे मत विचारले गेले, म्हणून मिळाली ती माहिती येथे देत आहोत.

नाव अरबीच, यात शंका नाही. अरबीत ‘लैल’ म्हणजे रात्र. जुन्या अरबी शब्दकोशांत ‘लैला’चा अर्थ महिन्यातली सर्वांत काळोखी रात्र असा दिला आहे, मद्याची पहिली धुंदी असाही एक अर्थ आहे. इस्लामपूर्व काळापासून अरब स्त्रियांत हे नाव आढळते. ७ व्या शतकात लैला अल-अख्यलिया ही थोर कवयित्री होऊन गेली. कैस आणि लैला यांची कथाही त्याच शतकातली मानतात. कैस ‘मजनून’ झाला, म्हणजे जिनाने झपाटला. निजामीने ११८८ साली त्या कथेवर फारसी काव्य रचले आणि फारसीबरोबर ती हिंदुस्थानात रुजली. १९७६ चा ‘लैला मजनू’ चित्रपट आमच्या पिढीला आठवत असेलच.

पण हिब्रूतही रात्र म्हणजे ‘लायला’च. दोन्ही भाषा एकाच घराण्यातल्या. इस्राएलात आल्यावर उल्पानमध्ये आम्ही पहिली चूक याच शब्दावर केली. आपली रात्र स्त्रीलिंगी, म्हणून ‘लायला तोवा’ म्हणालो. बाईंनी सुधारले : हिब्रूत लायला पुल्लिंगी, म्हणून ‘लायला तोव’. पुढे परिचारिका म्हणून कित्येक वर्षे रात्रपाळीत रुग्णांना, मग ते यहुदी असोत वा अरब, आम्ही हेच म्हणत आलो.

आजींना आम्ही आणखी एक गोष्ट सांगितली. तालमुदाच्या ‘निद्दा’ या भागात गर्भधारणेवर नेमलेल्या देवदूताचे नाव ‘लायला’ असे दिले आहे. तो बिंदू देवापुढे ठेवून विचारतो, हा जीव बलवान होईल की दुर्बळ, शहाणा की मूर्ख, श्रीमंत की गरीब? सज्जन की दुर्जन, हे मात्र तो विचारीत नाही. ते माणसाच्या हाती सोडलेले आहे. मग नावाने काय बिघडणार?

शिवाय आपल्या पूर्वजांनी तरी दुसऱ्यांच्या नावांचा विटाळ कुठे मानला? १७९६ साली मुंबईत आपले पहिले सिनेगॉग बांधणारे शमुएल यहेज्केल दिवेकर हे सामाजी हसाजी दिवेकर म्हणूनच ओळखले जात. नाव कोकणी वळणाचे झाले, म्हणून शब्बाथ पाळणे सुटले नाही.

आजी थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “बरे, पण मी लायला म्हणेन, लैला नाही.” आईबापांनी ते आनंदाने मान्य केले. एलोहिम त्या बाळाला उदंड आयुष्य देवो.