टिमो ग्लॉकने खरंच वाट दिली का?

आज एका लॅपची गोष्ट, जिच्यावरून एका ड्रायव्हरला लोकांनी वर्षानुवर्षं शिव्या घातल्या.

२ नोव्हेंबर २००८. ब्राझीलमधल्या साओ पावलोचा इंटरलागोस ट्रॅक, फॉर्म्युला वनची त्या सीझनची शेवटची रेस, ७१ लॅप. गुण: मॅकलॅरेनचा लुईस हॅमिल्टन ९४, फेरारीचा फेलिपे मासा ८७. मासा तिथलाच, साओ पावलोचा पोरगा. तो जिंकला तर हॅमिल्टनला निदान पाचवा नंबर हवाच. सहावा आला, तर गुण सारखे आणि जास्त रेस जिंकल्या म्हणून चॅम्पियन मासा.

शेवटच्या काही लॅप उरल्या आणि पाऊस भुरभुरायला लागला. जवळजवळ सगळे पिटमध्ये शिरले, इंटरमीजिएट टायर लावून आले. टोयोटाने मात्र टिमो ग्लॉक आणि यार्नो ट्रुली या दोघांनाही कोरड्या ट्रॅकच्या टायरवरच ठेवलं.

वेडेपणा? हिशोब करून बघा. समजा, पिटमध्ये जाऊन यायला वीस सेकंद जातात. नवे टायर दर लॅपला तीन सेकंद वाचवतायत आणि पाचच लॅप उरल्यात. वाचले पंधरा. म्हणजे तोटाच! पण पाऊस वाढला तर हेच गणित एका लॅपमध्ये उलटतं. टोयोटाने पाऊस वाढणार नाही यावर पैज लावली, आणि सातवा असलेला ग्लॉक चौथा झाला.

इकडे फेटेलने हॅमिल्टनला मागे टाकलं. मासाने रेस जिंकली, फेरारीच्या गॅरेजमध्ये मिठ्या सुरू. तेवढ्यात पाऊस वाढला. ग्लॉकची गाडी साबणाच्या पाण्यावर चालल्यासारखी. जुन्साओ या शेवटच्या वळणापाशी फेटेल आणि त्याच्यामागून हॅमिल्टन, दोघंही त्याच्या पुढे निघून गेले. हॅमिल्टन पाचवा. ९८ विरुद्ध ९७.

ग्लॉकने मुद्दाम सोडलं, अशी बोंब उठली. त्याला द्वेषाची पत्रंही आली. पण त्याच्या गाडीतल्या कॅमेऱ्याचं फुटेज बघा, स्टिअरिंगशी कसा झगडतोय ते. आणि त्याच टायरवरच्या ट्रुलीची शेवटची लॅपही जवळपास तितकीच संथ होती.

आमच्याकडेही रिलीज फसली की निर्णयाच्या वेळी हातात काय माहिती होती, हे कुणी विचारत नाही. असो. सातवा असलेला ग्लॉक शेवटी सहावा आला. म्हणजे टोयोटाला त्या पैजेत एक जागा मिळालीच.