अडखळणारा बाप

हाइन्झ एरहार्ट जर्मनीत घराघरांत पोचला तो विनोदी नट म्हणून, पण त्याला व्हायचं होतं पियानोवादक. जन्म 1909 चा, रिगाचा. आजोबांचं तिथे वाद्यांचं दुकान होतं आणि नातवानं ते सांभाळावं, अशी त्यांची इच्छा. लाइपझिगला तो संगीत शिकला, परत येऊन दुकानात उभा राहिला आणि 1938 साली बर्लिनला जाऊन कॅबरेत शिरला. संगीताचं मी मुद्दाम आधी सांगते. वाक्य मध्येच सोडणं, भलत्याच शब्दावर घसरणं, मग अचूक समेवर येणं, हे त्याचं सगळं अडखळणं वाजवणाऱ्याच्या हिशेबाचं होतं. पुण्यात जर्मन शिकवताना मी त्याची ध्वनिमुद्रणं ऐकवते; निम्मे शब्द न कळणारी मुलंही बरोबर जागी हसतात.

लोकांसमोर उभं राहायची त्याला विलक्षण धास्ती. म्हणून रंगमंचावर तो नंबरच्या भिंगांऐवजी साध्या काचांचा चष्मा लावी. समोरचे चेहरे पुसट झाले की त्याला धीर येई.

युद्धानंतर हॅम्बुर्गच्या रेडिओमुळे त्याचा आवाज ओळखीचा झाला, मग सिनेमे आले. 1957 च्या एका चित्रपटात तो पाच मुलींचा विधुर बाप आहे. 1959 च्या दुसऱ्या चित्रपटात ग्योटिंगेनमधला वाहतूक पोलीस. भर चौकात साऱ्या गाड्या थांबवणाऱ्या या माणसाला स्वतःला गाडी चालवता येत नाही. समीक्षकांनी हे सिनेमे हलके ठरवले. मला तो निवाडा पटत नाही. तेव्हाच्या जर्मनीत कित्येक घरांतले बाप युद्धात गेले होते, कित्येक कैदेतून मुके होऊन परतले होते, आणि त्याआधीची सगळी वर्षं हुकूम ऐकण्यात गेली होती. अशा घरांतल्या मुलांना पडद्यावर एक गुबगुबीत, टकला, गोंधळलेला बाप दिसला. तो ओरडायला जातो आणि शब्दातच अडकतो. त्याला कुणी घाबरत नाही, आणि तरी सगळ्यांचा त्याच्यावर जीव आहे. सहकुटुंब हसायला एवढं पुरेसं होतं, आणि हे थोडं नव्हतं.

1970 पासूनचे ‘विली’ मालिकेतले सिनेमे मात्र घाईनं उरकल्यासारखे वाटतात.

डिसेंबर 1971 मध्ये त्याला पक्षाघाताचा झटका आला. वाचता येई, समोरच्याचं बोलणं समजे. बोलणं आणि लिहिणं मात्र गेलं. ज्याची सारी कमाई जिभेवरची, त्याला पुढची साडेसात वर्षं अशी काढावी लागली. याचा विचार मला आजही सहन होत नाही. 1979 च्या फेब्रुवारीत तो सत्तर वर्षांचा झाला, तेव्हा त्यानं तरुणपणी रचलेली एक विनोदी ऑपेरा झेडडीएफ वाहिनीनं सादर केली. तिच्यात त्यानं स्वतः एक बिनशब्दांची भूमिका केली. त्याच्यातल्या संगीतकाराला मिळालेला हा मान मला त्याच्या कुठल्याही चित्रपटाहून मोठा वाटतो.

त्याच वर्षी 5 जूनला तो हॅम्बुर्गमध्ये वारला. त्याचे जुने सिनेमे जर्मन वाहिन्या अजून दाखवतात, आणि त्याच्या गमतीदार कवितांची पुस्तकं अजून खपतात.